परवाना मिळाला, खटला मिटला!

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी ती गेल्या वर्षी चढलो. तेव्हा माझ्या शहाणपणाचा प्रश्न एकदाचा निकालात निघाला आहे. कारण अगदी क्षुल्लक. घराची मागली भिंत खचली होती आणि दुरुस्तीच्या परवानगीचा अर्ज कचेरीत चौदा महिने पडून होता. नाही म्हणायचे तर कारण लिहावे लागते. म्हणून कोणी 'नाही'सुद्धा म्हणेना. "साहेब दौऱ्यावर आहेत," हे इतक्यांदा ऐकले की साहेबांची पृथ्वीप्रदक्षिणा खचित पुरी झाली असावी!

अखेर उच्च न्यायालयात रिट अर्ज ठोकला. नोटीस गेली मात्र, पहिल्याच तारखेला समोरचे वकील कागद फडकवीत उभे राहिले, "परवानगी परवाच दिली आहे." आता तक्रार काय उरली? काही नाही. अर्ज निकाली. दोन मिनिटांत सारे आटोपले.

पेढे घेऊन मी कचेरीत गेलो. बाकावर ते नेहमीचे म्हातारे गृहस्थ होतेच. त्यांचा अर्ज माझ्याही आधीचा. पेढा तोंडात टाकून त्यांनी माझा निकाल दोनदा वाचला. "अर्ज किती दिवसांत निकालात काढायचा, ते यात कुठे लिहिलंय?" नव्हते लिहिलेले. मग त्यांनी वकिलाची फी विचारली. आकडा ऐकला आणि निमूटपणे कागद परत दिला.

तेव्हापासून मला ख्वाजा अहमद अब्बास आठवतात. मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि दिल्ली या शहरांतली श्रीमंती आणि दैन्य दाखवणारा त्यांचा माहितीपट सेन्सॉरने अडवला. वेश्यावस्तीची दृश्ये कापा, मगच सर्वांसाठी दाखला! अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले. सुनावणीत सरकारने सांगितले, काटछाट न करता दाखला देतो. दुसरा कोणी असता तर माझ्यासारखाच पेढे आणायला धावला असता. अब्बासांनी मात्र आपला अर्जच दुरुस्त करून घेतला आणि मूळ सेन्सॉरशिपलाच आव्हान दिले. 1970 साली ते त्यात हरले. सेन्सॉरशिप वैध ठरली. पण दाखल्याच्या अर्जाला मुदत असावी आणि अपील सरकारकडे न जाता न्यायालयाकडे किंवा स्वतंत्र न्यायाधिकरणाकडे जावे, हे त्यांचे दोन मुद्दे त्याच खटल्यात सरकारने मान्य केले. असे न्यायाधिकरण 1983 साली स्थापन झाले. (2021 मध्ये ते बंदही झाले, ती कथा निराळी.)

"आपण तसे का केले नाही?" मी वकिलांना विचारले.

"तुम्हाला भिंत हवी होती की कायदा?"

खरे सांगतो, भिंत हवी होती. पावसाळा तोंडावर होता. तरी परवा त्या गृहस्थांच्या अर्जाचा क्रमांक मी वकिलांकडे नेऊन दिला. फी निम्मी घेईन म्हणाले. पण एक अट घातली: समोरच्यांनी कागद फडकवला तरी म्हाताऱ्यांनी लगेच "काही नाही" म्हणायचे नाही. म्हातारे अजून विचार करीत आहेत. त्यांचेही छप्पर गळते आहे.