भोपळ्याचे आळे कधी घालावे?



ऊसवाल्याच्या घरी भोपळा आणि कारली आठवडी बाजारातून यावीत, ही गोष्ट मनाला पटत नाही. रानात ऊस उभा आहे, न्हाणीचे पाणी गटारीने वाया चालले आहे, गोठ्यामागे उकिरडा भरला आहे. आणि कालवणाला काय करायचे म्हणून घरची बाई बाजाराच्या दिवसाची वाट बघते. कुणी म्हणेल, "वेल लावतो की आम्ही, पण फळच धरत नाही." माझे म्हणणे असे, की खोट बऱ्याचदा बियाण्यात नसते, वेळेत असते. वेल आपण उसाच्या सवडीने लावतो.

बघा ना. सुरू उसाची लागण १५ डिसेंबर ते १५ फेब्रुवारी. त्याच सुमारास तोडीची धांदल. टोळी कधी येणार, गाडी कधी लागणार, या घोरातच दोन महिने जातात. मग पाडव्याच्या सुमारास हात मोकळा झाला की भोपळ्याच्या बिया आठवतात. त्या उगवतात झकास, पण वेल फुलावर येतो ऐन मे महिन्यात. या वेलांना नरफूल वेगळे, मादीफूल वेगळे. ज्या फुलाच्या बुडाशी इवलेसे फळ दिसते ते मादीफूल. दिवस मोठा आणि ऊन कडक झाले की नरफुलांचाच भरणा होतो. मादीफुले थोडी येतात आणि आलेली गळतात. बोल मात्र बियाणेवाल्याला!

उन्हाळी वेलासाठी संक्रांत झाल्यावर, रात्रीची थंडी ओसरली की, जानेवारीअखेर ते फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत बी टोकावे. थंडी रेंगाळली तर आठ दिवस थांबावे. गार मातीत बी कुजते. या वेळी लावलेला दुध्या साधारण दोन महिन्यांत, ऊन तापायच्या आत, फळावर येतो.

पावसाळी वेलासाठी अक्षय्य तृतीयेला आळी घालण्याची जुनी चाल आहे, आणि ती शहाणपणाची आहे. पाडव्याचा वेल मेच्या उन्हात फुलतो, अक्षय्य तृतीयेचा मृगाच्या गारव्यात. पाणी असेल तर तेव्हाच टोकावे. नसेल तर आळी खणून, तापू देऊन, कुजलेले शेणखत भरून ठेवावीत आणि मृगाचा पाऊस झाल्यावर बी घालावे. आळे दीड-दोन फूट रुंद आणि तेवढेच खोल पुरे. तीन-चार बिया पेरभर खोल टाकाव्यात, पुढे जोमदार दोन रोपे ठेवावीत. कारल्याचे बी रात्रभर भिजवावे. काळ्या रानात पावसाळ्यात आळे उंचावर घ्यावे, पाणी साचता कामा नये.

आता जरा कडू बोलतो. उसातल्या रुंद पानांच्या तणावर आपण टू-फोर-डी मारतो. भोपळा, कारले, दोडका हीदेखील रुंद पानांचीच. वाऱ्याने नुसता शिंतोडा आला तरी शेंडा मुरडतो, पाने आकसतात. तोच पंप वेलावर वापरला तर विचारूच नका. वारा घराकडे असेल त्या दिवशी फवारणी नको, आणि परसातल्या वेलाला पंप वेगळा ठेवा. डांगर, कारले, काकडी यांची फुले सकाळी उमलतात आणि त्यांचे फळ मधमाशीवर अवलंबून असते. सकाळी औषध मारून माशी मारली तर मादीफुले असूनही मांडव रिकामाच राहील.

आणखी एक. दुध्या चिरल्यावर तुकडा जिभेला लावून बघावा. कडू लागला तर सगळा टाकून द्यावा, रस तर मुळीच पिऊ नये. तो विषारी असतो.

हे सारे जमायचे तर एक गोष्ट करावी लागेल. गुंठाभर जागा आणि न्हाणीचे पाणी घरच्या बाईच्या हवाली करा. आळे कधी घालायचे, काय लावायचे, हे तिने ठरवावे. उसाच्या लागणीची तारीख आपण कारखान्याकडे आठवणीने नोंदवतो. वेलाची तारीख भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवायला काय हरकत आहे? उसाचे बिल यायचे तेव्हा येईल, कालवण मात्र रोज लागते.

— एक सभासद