बिनदागिन्यांचा काळ

मराठी वाहिनीवर ऐतिहासिक मालिका यायची म्हटली की आधी गाजावाजा होतो तो नऊवारीचा, नथीचा आणि सेटवर उभ्या केलेल्या वाड्याचा. त्या वाड्यातल्या सासूला, आत्याला, विधवा जावेला काम एकच : नायिकेकडे डोळे वटारून पाहणं. कॅमेरा तीनदा तिच्या तोंडावर आदळतो, ढोल वाजतो, जाहिरात लागते. जुना काळ पडद्यावर खरा वाटतो तो याच दुय्यम बायकांमुळे, हे आपले निर्माते साफ विसरले आहेत. त्यांनी अभिनेत्री उत्तरा बावकर यांचं काम एकदा बसून पाहावं.

सांगलीत जन्मलेल्या बावकर राष्ट्रीय नाट्य विद्यालयात इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिकल्या आणि पुढे बरीच वर्षं दिल्लीच्या हिंदी रंगभूमीवरच राहिल्या. जयवंत दळवींचं ‘संध्याछाया’ त्यांनी १९७८ मध्ये हिंदीत दिग्दर्शित केलं. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला १९८४ मध्ये. घराघरांत मात्र त्या पोचल्या त्या ‘तमस’मधून.

भीष्म साहनींच्या कादंबरीवरची गोविंद निहलानींची ही मालिका दूरदर्शनवर १९८८ च्या जानेवारीत लागली. प्रक्षेपण थांबवावं म्हणून प्रकरण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि न्यायमूर्तींनी ती स्वतः पाहून परवानगी दिली. फाळणीच्या दंगलीत गुरुद्वाऱ्यात अडकलेल्या शीख बायका विहिरीकडे निघतात, त्यांच्या पुढे असते ती जसबीर, म्हणजे बावकर. मालिकेतल्या नथू-कर्मो या जोडप्याची कहाणी विसरलेल्यांनाही ती विहीर आठवते. तिथे लांबलचक संवाद नाही. जे ठरायचं ते चालण्यातच ठरलेलं दिसतं.

‘तमस’साठी सहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार सुरेखा सिक्री यांना मिळाला. पुढच्याच वर्षी तो बावकरांकडे आला, मृणाल सेन यांच्या ‘एक दिन अचानक’साठी. रमापद चौधुरींच्या बंगाली कादंबरीवरचा हा चित्रपट. पावसाळी संध्याकाळी प्राध्यापक घराबाहेर पडतात आणि परतत नाहीत. प्राध्यापक डॉ. श्रीराम लागू, पत्नी बावकर. कोलकात्याच्या घरातलं हे मराठी जोडपं कुणालाही खटकलं नाही, यातच सगळं आलं.

मधोमध उभं राहायची संधी त्यांना क्वचितच मिळाली. ‘रुक्मावती की हवेली’त (१९९१) ती मिळाली. स्पॅनिश नाटककार लोर्का यांचं नाटक निहलानींनी राजस्थानात आणलं आणि मुलींना कोंडून ठेवणारी विधवा झाल्या बावकर. नंतर पुन्हा आईच्याच भूमिका. पण सुमित्रा भावे-सुनील सुकथनकर यांच्या चित्रपटांत आई म्हणजे कोपऱ्यातली मूर्ती नव्हती. ‘दोघी’तली आई पाहा, किंवा ‘वास्तुपुरुष’मधली सरस्वती. कूळकायद्यानंतर खचत गेलेल्या वाड्यात मुलाला डॉक्टर करायचंच म्हणून ती हट्टाला पेटलेली असते.

हा वाडा परभणीकरांना नव्याने सांगायला नको. आपल्याकडे लागू झालेला हैदराबाद राज्याचा कूळकायदा १९५०चा. देवगाव फाट्यावरून आत कुठल्याही गावाकडे वळा, ढासळलेला बुरूज किंवा कुलूप लावलेला दिंडीदरवाजा सापडायला फार वेळ लागत नाही. त्या घरांतल्या बायकांनी जमीन गेल्यावर संसार कसा रेटला, यावर मालिका निघत नाही. निघाली तरी त्यांच्या अंगावर भरजरी शालू चढवतील, ही भीती आहेच!

खर्चाचा मुद्दा पुढे करू नये. दागिने भाड्याने आणायला पैसे असतात, तर मुरलेल्या नटीला चार चांगले प्रसंग लिहून द्यायला का नसावेत? मराठी रंगभूमीवर पन्नाशी-साठीच्या उत्तम अभिनेत्री आजही आहेत. त्यांना बोलावतात आणि उखाणे घ्यायला लावतात.

बावकर यांचं एप्रिल २०२३ मध्ये पुण्यात निधन झालं. त्यांचा ‘वास्तुपुरुष’ हा सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेला चित्रपट. एखाद्या वाहिनीने नव्या ऐतिहासिक मालिकेच्या लेखकांना आणि वेशभूषाकारांना पहिल्याच बैठकीत तो दाखवावा, आणि मगच सोनाराकडे गाडी पाठवावी.