कॅथेटर तुंबला की जंतुसंसर्ग झाला? डिस्चार्ज कार्डवर नेमकं लिहायलाच हवं

लघवीची नळी तुंबली, गळली किंवा जागेवरून सरकली, तर तो यांत्रिक बिघाड. जागतिक आरोग्य संघटनेच्या 'आयसीडी-१०' यादीत त्याचा कोड 'टी८३.०'. नळीमुळे जंतुसंसर्ग झाला, तर 'टी८३.५'. पहिल्यात नळी धुऊन किंवा बदलून भागू शकतं. दुसऱ्यात अँटिबायोटिक लागू शकतं.

पण कोड देणारा कर्मचारी रुग्णाला तपासत नाही, फक्त केसपेपर वाचतो. त्यावर नुसतं 'कॅथेटर प्रॉब्लेम' असेल, तर विम्याचा दावा अडकू शकतो आणि पुढच्या डॉक्टरलाही नेमकं कळत नाही. पेणच्या रामवाडीतून मुंबईला उपचारांसाठी जाणाऱ्यांबरोबर हाच कागद जातो.

कोड लक्षात ठेवणं रुग्णाचं काम नाही. काय बिघडलं, ते एका ओळीत लिहिणं रुग्णालयाचं काम आहे. डिस्चार्ज घेताना ती ओळ मागून घ्या.