सेटला खिळे ठोकणाऱ्यांचे काय?

कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांचा २ ऑगस्ट २०२३ रोजी कर्जतजवळच्या त्यांच्याच स्टुडिओत अंत झाला, तेव्हा वृत्तपत्रांनी एका प्रतिभावंताची शोकांतिका रंगविली. प्रतिभेविषयी वाद नाही. १९८७ साली ‘तमस’च्या सेटवर उमेदवारी करणाऱ्या या माणसाने ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ आणि ‘देवदास’ यांसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळविले. २००५ मध्ये त्याने स्वतःचा स्टुडिओ उभारला आणि पुढे हा कारागीर कर्जदार झाला. सुमारे २५२ कोटींच्या थकबाकीपोटी जुलै २०२३ मध्ये त्याच्या कंपनीविरुद्ध दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू झाली.

आमचे काही साथी म्हणतात, तो मालक होता. आपण अश्रू का ढाळावेत? अश्रूंचा प्रश्नच नाही. प्रश्न आहे तो कल्याणहून कर्जत लोकल पकडून सेटवर जाणाऱ्या सुताराचा, प्लास्टरचे साचे ओतणाऱ्याचा, एका रात्रीत राजवाड्याची भिंत रंगविणाऱ्या पेंटरचा. ‘देवदास’चा महाल काही एकट्याच्या हातून उभा राहिला नव्हता. पुरस्काराच्या पत्रकावर मात्र नाव एकच असते. (मृत्युलेखातही तेच.)

दिवाळखोरीच्या कायद्यात कामगारांना स्थान नाही असे नाही. अवसायनाच्या वेळी त्यांच्या २४ महिन्यांच्या वेतनाला तारण सोडून देणाऱ्या धनकोच्या बरोबरीचा दर्जा आहे. परंतु कंपनीचे भवितव्य ठरविणाऱ्या धनको समितीत मत असते ते कर्ज देणाऱ्यांना, घाम गाळणाऱ्यांना नव्हे. शिवाय दावा दाखल करायचा तर कागद हवा! ठेकेदाराच्या वहीत टोपणनावाने हजेरी लागणाऱ्याने कोणता कागद दाखवावा? चित्रपट कामगाराशी लेखी करार केलाच पाहिजे, असा कायदा संसदेने १९८१ मध्ये केला होता. तो किती सेटवर पाळला गेला, हे आपल्याच वस्तीतल्या सुताराला विचारा.

मोहने येथील एनआरसी कारखाना २००९ मध्ये बंद पडला. तेथील कामगार हक्काच्या देण्यांसाठी वर्षानुवर्षे झगडले. पण त्यांच्यापाशी निदान हजेरीपट होते, संघटना होती. सेटवरच्या कामगारापाशी तेवढेही नाही. तेव्हा अंबरनाथ, बदलापूर, डोंबिवलीतील कार्यकर्त्यांनी शोकसभांचे ठराव बाजूला ठेवावेत आणि आपापल्या विभागात सेटवर जाणाऱ्यांची नावे, कामाचे दिवस व ठेकेदार यांची नोंद करण्यास याच महिन्यापासून आरंभ करावा.