हटके करिअर : तोफ, टीव्ही आणि ‘कन्फर्म आहे का?’

गेल्या रविवारी मावशीकडे जेवायला गेलो होतो. मटण संपत आलं होतं, सोलकढीचा दुसरा राऊंड सुरू होता आणि तेवढ्यात मावसबहिणीने बॉम्ब टाकला. “दादा, मी जॉब सोडतेय. मला डिफेन्स जर्नालिस्ट व्हायचंय.”

मावशीचा हात वाढता वाढता थांबला. काकांनी टीव्हीचा आवाज कमी केला. पोरगी २६ वर्षांची, हिंजवडीत बऱ्यापैकी पॅकेज, नुकतंच अप्रेझल झालेलं, कारचा ईएमआय सुरू. मग सगळे माझ्याकडे बघायला लागले. घरात ‘छापून येणारा’ मी एकटाच ना! लष्कराशी माझा संबंध म्हणजे एकदा एनडीएची परीक्षा दिली होती, एवढाच. तीही गणितात झोपलो.

“का गं, अचानक?”

“अचानक नाही. ‘लक्ष्य’ बघितल्यापासून डोक्यात आहे. प्रीती झिंटा नाही का, हातात माईक, मागे डोंगर...”

ही बया जन्मली कारगिलच्या वर्षी. मी तेव्हा सातवीत होतो. १९९९ चं ते युद्ध आपण दिवाणखान्यात बसून बघितलं. द्रासवरून जाणाऱ्या हायवेवर पाकिस्तानी तोफगोळे पडायचे आणि रिपोर्टर बंकरमधून बोलायचे. तोपर्यंत पेपरातल्या कॉलमात राहणारा डिफेन्स रिपोर्टर त्या उन्हाळ्यात एकदम स्टार झाला. बुलेटप्रूफ जॅकेट घातलं की झालं करिअर, असं पुढे कित्येकांना वाटलं.

पण एक खरा बायोडेटा बघा. नितीन गोखले हे या क्षेत्रातलं मराठी माणसाचं मोठं नाव. त्यांची सुरुवात १९८३ मध्ये गुवाहाटीच्या एका इंग्रजी दैनिकात झाली. पुढची वीसेक वर्षं मुक्काम ईशान्य भारतातच. तिथल्या बंडखोर संघटना, लष्कराच्या मोहिमा, फिसकटलेल्या बोलण्या, हे सगळं जवळून बघितलं. कारगिल उजाडलं तेव्हा त्यांच्या पत्रकारितेला सोळा वर्षं झाली होती! टीव्ही आला २००६ मध्ये. मग श्रीलंकेतलं यादवी युद्ध, त्यावर २००९ मध्ये पुस्तक, सियाचिनवर २०१४ मध्ये आणखी एक. २०१५ मध्ये स्वतःची वेबसाइट. दोन अप्रेझलमध्ये प्रमोशन हवं असणाऱ्यांनी हा ग्राफ जरा नीट बघावा.

बहिणीला म्हटलं, डोंगर वर्षातून एकदा दिसतो. बाकीचे दिवस कागद. संरक्षण बजेट, संसदीय समितीचे अहवाल, कॅगचे अहवाल, टेंडरं. २०१७ ची एक मोठी बातमी आठवते? सप्टेंबर २०१६ मध्ये लष्कराकडच्या १५२ प्रकारच्या दारूगोळ्यापैकी ४० टक्के प्रकारांचा साठा दहा दिवसांच्या युद्धालाही पुरला नसता. ही बातमी सीमेवर मिळाली नव्हती. संसदेत मांडलेल्या कॅगच्या अहवालात ती छापलेली होती. ज्याने तो कंटाळवाणा अहवाल शेवटपर्यंत वाचला, त्याला सापडली.

शिवाय फंडे क्लिअर पाहिजेत. ब्रिगेड मोठी की डिव्हिजन? लष्करातला कॅप्टन आणि नौदलातला कॅप्टन एकच का? अजिबात नाही. नौदलातला कॅप्टन म्हणजे लष्करातल्या कर्नलच्या तोडीचा. इथे घोळ घातलात की समोरचा अधिकारी चहा पाजतो, बिस्किटही देतो, पण बातमी देत नाही. संरक्षण मंत्रालय पत्रकारांसाठी डिफेन्स करस्पॉण्डण्ट्स कोर्स चालवतं. त्यात तिन्ही दलांच्या ठिकाणी नेतात, बेसिक शिकवतात. पण तिथे आधी पत्रकार म्हणून जावं लागतं. आणि डोक्यावर १९२३ सालचा ऑफिशियल सीक्रेट्स ॲक्ट कायम टांगलेला. हातात कागद आला म्हणून छापला, इतकं सोपं प्रकरण नाही.

“म्हणजे सगळं गुपित ठेवायचं? मग पत्रकार कशाला?” बहीण तावातावाने म्हणाली. पॉइंट होता.

म्हणून तिला बोफोर्सची गोष्ट सांगितली. १९८६ मध्ये भारताने स्वीडनकडून १५५ मिलिमीटरच्या तोफा घेतल्या. १९८७ च्या एप्रिलमध्ये स्वीडिश रेडिओने लाचखोरीची बातमी दिली. जिनिव्हात राहणाऱ्या चित्रा सुब्रमण्यम या तरुण पत्रकार बाईंनी तो धागा धरला. स्वीडनच्या एका पोलीस अधिकाऱ्याने त्यांना साडेतीनशे कागद दिले. दलालीचे पैसे कुठे कुठे गेले ते छापून आलं, दिल्ली हादरली. त्या अधिकाऱ्याचं नाव मात्र बाईंनी २५ वर्षं कुणाला सांगितलं नाही. २०१२ मध्ये स्टेन लिंडस्ट्रॉम स्वतःच पुढे आले, तेव्हा जगाला कळलं. (आपल्याला ऑफिसातलं एक गॉसिप चहा संपेपर्यंत पोटात ठेवता येत नाही!)

गंमत पुढे आहे. १९९९ मध्ये कारगिलच्या शिखरांवर मारा केला तो याच तोफांनी. तोफ एक नंबर निघाली. आणि २००४ व २००५ मध्ये दिल्ली हायकोर्टाने लाचखोरीचे आरोप रद्द केले. म्हणजे कागद खरे, तोफही खणखणीत आणि कोर्टात आरोप टिकले नाहीत हेही खरं. या बीटवर ही तिन्ही वाक्यं एका बातमीत लिहायची ताकद लागते. एक गाळलं की टाळ्या जास्त मिळतात, पण मग ती बातमी राहत नाही.

कधी कधी तर खरं दिसत असूनही थांबावं लागतं. २६/११ ला, म्हणजे २००८ मध्ये, नरिमन हाऊसच्या गच्चीवर हेलिकॉप्टरमधून उतरणारे कमांडो आपण लाइव्ह बघितले. आपल्याबरोबर पाकिस्तानात बसलेले हॅण्डलरही टीव्ही बघत होते आणि फोनवरून अतिरेक्यांना सूचना देत होते. २०१२ मध्ये कसाबच्या निकालात सुप्रीम कोर्टाने चॅनेल्सचे कान उपटले. २०१५ मध्ये नियमच झाला. दहशतवादविरोधी कारवाई सुरू असताना लाइव्ह दाखवायचं नाही. नेमलेला अधिकारी अधूनमधून जी माहिती देईल, तेवढीच.

“आणि आता?” काकांनी विचारलं.

आता काय सांगू? ८ मे २०२५ ची रात्र आठवा. ऑपरेशन सिंदूर सुरू होतं. काही चॅनेल्सनी कराचीचं बंदर उद्ध्वस्त केल्याचं सांगितलं. ग्राफिक्स, सायरन, सगळं झकास. बंदर जागच्या जागी होतं. ती बातमी आमच्या फॅमिली ग्रुपवर कुणी टाकली माहितीय? ‘छापून येणाऱ्या’ दादाने. वर तिरंग्याचे पाच इमोजी.

हे मी पानावर कबूल केलं तेव्हा मावशी हसली. बहीण मात्र गप्प. मग तिने मोबाइल काढला, ग्रुप मागे मागे नेला आणि स्क्रीन माझ्यासमोर धरली. माझ्या मेसेजला चौदा अंगठे. त्याच्या खाली, रात्री पाऊण वाजता, तिचा एकच मेसेज होता : “कुणी कन्फर्म केलंय का?”

त्याला कुणीही उत्तर दिलं नव्हतं. मीसुद्धा.

मी तिला सल्ला दिलाय. नोकरी लगेच सोडू नकोस. ईएमआय कुणाला चुकत नाही आणि या धंद्यात सुरुवातीचा पगार तुझ्या आत्ताच्या पॅकेजच्या आसपास फिरकणार नाही. वर्षभर दर शनिवारी एक अहवाल वाच, त्यातून तीनशे शब्दांची बातमी काढ आणि मला दाखव. पहिली बातमी काल रात्री मेलवर आलीय. दोन चुका सापडल्या.

दोन्ही मी तपासल्या. चुका माझ्याच निघाल्या.