गुन्हा रद्द झाला, ठेवींचे काय?

ठेवी घेणाऱ्या पेढीच्या भागीदारांवर फसवणुकीचा गुन्हा दाखल होतो, वृत्तपत्रांतून मथळे झळकतात आणि काही काळाने उच्च न्यायालय तो गुन्हाच रद्द करते. आयुष्यभराची पुंजी गुंतवलेल्या ठेवीदाराला हा आपल्यावरील दुसरा आघात वाटतो. ‘पैसेवाले सुटले’ हा त्याचा उद्गार समजण्यासारखा आहे. परंतु गुन्हा का रद्द झाला, याचा विचार केल्यावाचून दोष कोणाचा हे कळत नाही.

या संदर्भात कोलकात्याच्या ‘संचयिता इन्व्हेस्टमेंट्स’चे प्रकरण आजही उद्बोधक आहे. अवघ्या सात हजार रुपयांच्या भांडवलावर १९७५ मध्ये सुरू झालेल्या या भागीदारी पेढीने लाखाहून अधिक लोकांकडून शंभर कोटींहून अधिक रुपये गोळा केले. कागदोपत्री व्याज १२ टक्के. प्रत्यक्षात ४८ आणि पुढे ३६ टक्के दिले जाते, असा सरकारचा आरोप होता. डिसेंबर १९८० मध्ये पश्चिम बंगाल सरकारने कारवाई केली, ती १९७८ च्या प्राइझ चिट व मनी सर्क्युलेशन बंदी कायद्याखाली. नव्या सभासदांच्या भरतीवर किंवा तशा एखाद्या घटनेवर लाभ अवलंबून असेल, तरच तो कायदा लागू होतो. फिर्यादीत नेमका त्याचाच उल्लेख नव्हता. परिणामी फेब्रुवारी १९८२ मध्ये सर्वोच्च न्यायालयात ती फिर्याद टिकली नाही. या पीठाचे नेतृत्व सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्याकडे होते. पेढीच्या व्यवहाराला न्यायालयाने शुद्धतेचे प्रशस्तिपत्र दिले नव्हते. सांगितलेल्या कलमाखाली गुन्हा दिसत नाही, एवढेच म्हटले होते. पुढे १९८३ मध्ये ठेवीदारांची देणी भागविण्यासाठी त्याच न्यायालयाला आयुक्त नेमावा लागला.

म्हणजे कायद्याचे कलम चुकवले शासनाने, किंमत मोजली ठेवीदारांनी.

गुन्हा रद्द होणे म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ ने आणि १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ ने उच्च न्यायालयाला हा अधिकार दिला आहे. तो आवश्यकही आहे. भागीदारी कायद्यानुसार पेढीच्या देण्याला सारे भागीदार जबाबदार असतात. पण गुन्ह्यासाठी प्रत्येकाचा स्वतःचा सहभाग दाखवावा लागतो. केवळ करारपत्रावर नाव आहे म्हणून कोणाची वृद्ध माता वा विधवा भावजय आरोपी ठरू लागली, तर तो न्याय नव्हे.

चिंतेची बाब वेगळीच आहे. मोजक्या तक्रारदारांचे पैसे परत करून तडजोडीच्या आधारे गुन्हा रद्द करून घ्यायचा, हा मार्ग मोकळा राहिला तर ज्यांना वकील परवडत नाही ते शेकडो ठेवीदार वाऱ्यावर सुटतील. समाजाच्या आर्थिक हिताला बाधा आणणारे गुन्हे हा दोन व्यक्तींमधला खाजगी वाद नसतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ च्या परबतभाई आहीर खटल्यात स्पष्ट केले आहे. हा दंडक सरकारी वकिलांनी प्रत्येक वेळी आग्रहाने मांडला पाहिजे.

आज कायद्याची वाण नाही. वित्तव्यवसाय करणाऱ्या भागीदारी पेढ्यांना जनतेकडून ठेवी घेण्यास १९९७ पासून मनाई आहे. महाराष्ट्रात १९९९ चा ठेवीदार हितसंरक्षण कायदा मालमत्ता जप्त करून ठेवीदारांना पैसे परत देण्याची तरतूद करतो; २०१९ च्या केंद्रीय कायद्याने अनियंत्रित ठेव योजनांवर देशभर बंदी घातली. उणीव आहे ती अचूक फिर्यादीची, काटेकोर तपासाची आणि त्वरित जप्तीची.

आणि समाजाच्या सावधतेचीही! ओळखीचा माणूस, देवळातली ऊठबस, दारापुढची मोटार ही सुरक्षिततेची हमी नव्हे. पैसे देण्यापूर्वी ठेव घेण्याची परवानगी कोणाची आहे हे विचारावे आणि प्रत्येक रुपयाची पावती घ्यावी. पेढी बुडालीच, तर वस्तीतील कार्यकर्त्यांनी ठेवीदारांची यादी करून, कागदपत्रे जुळवून सर्वांचे दावे सक्षम अधिकाऱ्यासमोर एकत्र मांडावेत. विखुरलेला ठेवीदार कितीही आक्रोश करो, तो न्यायालयापर्यंत पोहोचत नाही. संघटित ठेवीदाराची दखल घ्यावीच लागते.