दावा कोणता लावायचा?

गेल्या महिन्यात एक भगिनी कागदांची पिशवी घेऊन आमच्याकडे आल्या. अब्बांचा इंतकाल होऊन नऊ वर्षे झाली. मागे अम्मी, दोन भाऊ आणि या स्वतः. तीन एकर शेत आणि गावातले घर. वारस नोंद करताना भावांनी आपलीच दोन नावे लावली, अम्मी आणि बहीण दोघींना वगळले.

सूरह निसाने हिस्से ठरवून दिले आहेत. कर्ज फेडून उरलेल्या मालमत्तेचे 40 भाग केले तर अम्मींचे 5, प्रत्येक भावाचे 14 आणि बहिणीचे 7. हक्काबद्दल शंका नव्हतीच. चुकला तो मार्ग.

पहिली चार वर्षे तहसील आणि प्रांत कचेरीत गेली. शेवटी उत्तर मिळाले, हक्काचा निकाल दिवाणी न्यायालयाकडून आणा. तेही बरोबरच होते. फेरफार मुख्यतः महसुलाच्या कामासाठी असतो. त्यात नाव नाही म्हणून हिस्सा जात नाही, आणि नाव लागले म्हणून कोणी एकटा मालक होत नाही.

मग मोठ्या भावाने घर विकायला काढले. घाईने वकील गाठला आणि फक्त मनाईचा दावा लावला. भावाने कैफियत दिली, 'अब्बांनी हयातीतच घर मला तोंडी हिबा केले.' इथे गाडी अडली. मालकीवरच वाद उभा राहिला आणि आपला ताबा नसला, तर नुसती मनाई मागून भागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2008 साली अनाथुला सुधाकर प्रकरणात स्पष्ट केले आहे. नुसते 'मी हिस्सेदार आहे' असे ठरवून मागणेही अपुरे. ताबा मागता येत असताना न मागणाऱ्याला 1963 च्या विशिष्ट अनुतोष कायद्याचे कलम 34 ठराव देत नाही.

अशा घरात लावायचा तो वाटप आणि स्वतंत्र ताब्याचा दावा. हिबा आपल्या हिस्स्यावर बंधनकारक नाही, हा ठराव त्यातच मागायचा. विक्री थांबवण्यासाठी तूर्तातूर्त मनाईचा अर्जही त्यातच. तोंडी हिबा आपल्याकडे चालतो, पण देणाऱ्याने जाहीर करणे, घेणाऱ्याने स्वीकारणे आणि ताबा देणे, या तिन्ही गोष्टी हिबा सांगणाऱ्याने शाबीत करायच्या असतात. दाव्यात शेत आणि घर दोन्ही घालावे. एक सोडले की अर्धवट वाटपाची हरकत येते. दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून ठेवावी, म्हणजे घेणारा 'मला माहीत नव्हते' म्हणणार नाही.

आधी हिस्से ठरवणारा प्राथमिक हुकूमनामा होतो. मग शेताची वाटणी जिल्हाधिकाऱ्यांमार्फत, घराची कोर्ट कमिशनरमार्फत. वेळ लागतो, हे आम्ही त्यांच्यापासून लपवले नाही.

जुन्या दाव्याचे काय? दुरुस्तीचा अर्ज द्यावा, किंवा नवा दावा लावण्याची परवानगी घेऊनच तो काढावा. परवानगीशिवाय काढला तर त्याच विषयावर पुन्हा दार उघडत नाही. आणि फार थांबूही नये. एका हिस्सेदाराचा ताबा एरवी सर्वांचा मानला जातो, पण भावाने उघडपणे हिस्सा नाकारला की बारा वर्षांचे घड्याळ सुरू होऊ शकते.

खर्चाची काळजी त्यांना होतीच. स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, तालुका विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळू शकतो. हे गावात कोणी सांगत नाही, याचे आम्हाला नवल वाटते.

परवा त्या पुन्हा आल्या, सोबत अम्मी. वाटपाच्या दाव्यात सगळे वारस हवेत, तेव्हा अम्मी वादी होणार की प्रतिवादी, असे आम्ही विचारले. म्हातारी बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "तिन्ही लेकरं माझीच. मला मधे बसवा." कोर्टात मधली जागा नसते, हे समजावताना आमचीच जीभ अडखळली. प्रतिवादी झालात तरी तुमचे 5 भाग कुठे जात नाहीत, एवढे मात्र त्यांना दोनदा सांगितले.